साहेबांचं जेवण आणि एकोणीस पोती

हसणार असाल तर आधी कपातला चहा संपवा. ठसका लागला तर मी जबाबदार नाही.

आमच्या धान खरेदी संस्थेचा मी सचिव. शेतकऱ्यांचं धान आम्ही सरकारी महामंडळासाठी घेतो आणि पोतीही महामंडळच पुरवतं. त्या पोत्यांना आमच्याकडे बारदाना म्हणतात. प्रत्येकावर निळा शिक्का. गेल्या हंगामात महामंडळ म्हणालं, चारशे पोती परत आली नाहीत, आणि हमालीचे पैसे अडवले. आता, ती पोती मी स्वतः ट्रकमध्ये मोजून दिली होती. हमाल रोज सकाळी माझ्या ओसरीवर येऊन बसायचे. बोलायचे काही नाहीत, नुसते बसायचे. त्यापेक्षा शिव्या परवडल्या असत्या. शेवटी संस्थेने नागपूरला हायकोर्टात याचिका टाकली. महामंडळाचं एकही पोतं आमच्याकडे शिल्लक नाही, असं मी शपथेवर लिहून दिलं.

कोर्ट म्हणालं, जाऊन पाहणी करा. एक दिवस महामंडळाचे साहेब आले. गोदाम मी असं झाडून ठेवलं होतं की उंदरालाही आत यायची लाज वाटावी. साहेबांनी कोपरा न् कोपरा पाहिला आणि वहीत शून्य लिहिलं. तिथेच त्यांना जीपमध्ये बसवलं असतं तर काही झालं नसतं. पण भरदुपारी आलेला माणूस उपाशी कसा पाठवायचा? मी आग्रह करून त्यांना घरी जेवायला नेलं.

उंबऱ्यात पायपुसणं होतं. त्यावर निळा शिक्का.

खरं सांगतो, दहा वर्षं मी त्यावर पाय पुसतोय, पण शिक्का मला त्या दिवशी दिसला. आत बघतो तर माठाला ओला बारदाना गुंडाळलेला, न्हाणीला बारदान्याचा पडदा, अंगणात बारदान्यावर वड्या वाळत घातलेल्या. आणि साहेबांना बसायला? घडी घातलेला बारदाना, शिक्का वर.

मी बायकोला, शोभाला, डोळ्यांनी खुणावलं की हे उचल. तिला वाटलं, बैठक कमी पडतेय. तिने आणखी दोन आणली. मी जोरात मान हलवली, तर चार आणली. मी हळूच पायपुसणं ओढून मांडीखाली घातलं.

"तुमाले बी पायजे का? मंग सांगाचं ना जी," शोभा म्हणाली.

साहेबांचा घास हातातच राहिला. "वहिनी, पुष्कळ पोती आहेत तुमच्याकडे."

"आमच्या घरी बारदान्याची काई कमी नाही, साहेब," शोभा खुलली. "लागन तेवढा हाय."

झालं. शपथ खोटी पडली, हमालांचे पैसे बुडाले आणि मी तुरुंगात, एवढं सगळं मला ताटासमोर बसल्या बसल्या दिसलं. हात धुवायचंही भान राहिलं नाही. घरातली पोती नजरेनेच मोजली, कागद ओढला आणि लिहून दिलं, घरात सापडलेल्या एकोणीस पोत्यांची नव्या दराने किंमत मी स्वतः भरीन, पण हमालांचे पैसे सोडा. खाली सही, शेजारी वरणाचा डाग.

साहेबांनी कागद वाचला. मग चष्मा लावून स्वतःच्या बैठकीवरचा शिक्का वाचला.

"सचिवसाहेब, शिक्क्यात साल असतं. तुमचं भांडण गेल्या हंगामाचं. ही पोती बारा वर्षांपूर्वीची, आम्हीच लिलावात विकलेली."

"आपल्या इथल्या गोरेगावच्या बाजारातून मीच आनली," शोभा म्हणाली. "पैसे देऊन."

"मग तो कागद परत द्या," मी हात पुढे केला.

"आता कसा देऊ? पाहणीत मिळालेला कागद फाईलला लावावाच लागतो," असं म्हणून साहेबांनी तो घडी करून खिशात ठेवला आणि वरण पुन्हा मागितलं.

पुढे ती चारशे पोती महामंडळाच्याच दुसऱ्या गोदामात निघाली. हमालांना पैसे मिळाले, माझी ओसरी मोकळी झाली, आणि खरं सांगतो, त्या दिवशी मला फार बरं वाटलं. आठवड्याने माझ्या नावाचं एकोणीस पोत्यांचं चलन आलं. मुकाट्याने भरलं.

तेव्हापासून त्या पायपुसण्यावर पाय ठेवायला माझा जीव होत नाही. मी ते ओलांडून घरात जातो. शोभा रोज आतून ओरडते, "काऊन उडी मारून राहिले जी? पुसा ना पाय. दोनदा पैसे देल्ले, आता तं आपलंच हाय."