जावयाने जाळलेली कढई

जावई म्हणजे दहावा ग्रह, असं जुनी माणसं सांगतात. ग्रहाला निदान फिरायला तरी मिळतं. मला अकोल्याच्या सासुरवाडीत दोन वर्षं बैठकीतल्या सोफ्यावरून हलू दिलं नव्हतं. पंखा माझ्याकडे वळवलेला, टीव्हीचा रिमोट माझ्या हातात आणि समोर सासरे, ज्यांना माझ्यामुळे स्वतःच्या घरात पाय पसरून बसायची चोरी. सगळी मजा आत, स्वयंपाकघरात. तिथे सासूबाई, माझी बायको आणि शेजारच्या चाची खदाखदा हसत असत. मी पाण्याच्या निमित्ताने डोकावलो की सासूबाई पदर सावरत, हसणं बंद होई आणि ताटलीत ठेवलेला पेला माझ्या पाठोपाठ सोफ्यापर्यंत येई.

आमचं अमरावतीचं घर लग्नाआधी दोन पुरुषांचं. मी कॉलेजात असताना आई गेली. तेव्हापासून बाबा आणि मी जे काही बोललो ते गॅससमोर उभं राहूनच. बैठकीत आम्हाला बोलायला सुचत नाही. त्यामुळे सासुरवाडीत पोट तुडुंब भरायचं, पण मी तिथे पाहुणाच राहायचो, आणि ते मला फार लागायचं. मला त्या स्वयंपाकघरात जागा हवी होती. दुसरं काही नको होतं.

म्हणून गेल्या हिवाळ्यात एका रविवारी मी जाहीर केलं, आज वेगळा नाश्ता नाही आणि वेगळं जेवणही नाही. अकराच्या सुमारास दोन्ही मिळून एकच, आणि ते मी करणार.

“म्हंजे तवरिक आमी उपाशी?” सासरे म्हणाले, आणि पेपर आणतो असं सांगून बाहेर पडले. परत आले तेव्हा त्यांच्या मिशीला कचोरीची चटणी लागली होती. पेपर आणायचा राहून गेला होता.

सासूबाईंचा जीव वेगळ्याच गोष्टीत अडकला होता. जावयाला गॅससमोर उभं केलेलं गल्लीनं पाहिलं तर? त्यांनी आधी खिडकी लावली, मग वर पडदाही ओढला. “तुमी बसा न जी,” त्या विनवत होत्या. “काय पायजे ते सांगा, आता करून देते.”

मी बसलो नाही. पदार्थ तसा सोपा. बटाट्याचे बारीक चौकोनी तुकडे अर्धवट उकडायचे. कांदा, गाजर, फुलकोबी, शिमला मिरची, मटार, घरात असेल ते त्यात घालायचं. सगळं तेलात परतून कढईत दाबून बसवायचं आणि मग अजिबात हात लावायचा नाही. खालून लाल खरपूस थर धरला की उलटायचं. बाबा आणि मी दर रविवारी करतो. व्हिडिओवाले त्याला हॅश म्हणतात. बाबा ‘फ्रिज रिकामा’ म्हणतात.

घोडं अडलं ते ‘हात लावायचा नाही’ इथे. भाजी कढईत आहे आणि कुणी ती ढवळत नाही, हे आमच्या वऱ्हाडात कुणालाच पाहवत नाही. मी सांबार निवडायला, म्हणजे कोथिंबीर निवडायला, जरा वळलो तेवढ्यात सासूबाईंनी उलथनं फिरवलं. “खाली लागून जाईन न जी!” मी पुन्हा दाबून बसवलं. मग मागच्या दाराने चाची आल्या. “काय व, जवाईले कामाले लावलं? तौबा!” असं म्हणत त्यांनीही सहज दोनदा ढवळलं. मी पुन्हा दाबलं. मग सासरे आले. हा माणूस लग्नानंतर एकदाच स्वयंपाकघरात शिरला होता, तोही साप निघाला म्हणून. त्यांनीही हलवलं. “मस्त होऊन राहिलं,” ते म्हणाले.

मस्त कसलं, बटाट्याचा लगदा होत चालला होता. पण सासूबाईही मस्त म्हणाल्या. लेकीची भाजी बिघडली की “हे काय जनावराले टाकाचं हाय का?” असं विचारणारी ही बाई, आणि माझ्या लगद्याला मस्त म्हणते! मला त्या शब्दाचा रागच आला.

शेवटी मी उलथनं पाठीमागे लपवलं आणि कढईकडे पाठ करून राखणीला उभा राहिलो. आता कुणालाच काही काम उरलं नाही. त्यामुळे चाचींनी सापाचा विषय काढला. साप पाहून सासरे म्हणे ओट्यावर चढले होते, आणि तो साप म्हणजे मिक्सरची वायर होती.

“सापच होता,” सासरे म्हणाले.

“मंग त्याले पिन काहून होती?” सासूबाईंनी विचारलं.

मी इतका हसलो की डोळ्यांतून पाणी आलं. दोन वर्षांत पहिल्यांदा मी त्या हसण्यात सामील होतो. कढईचा मला पार विसर पडला.

वास आधी बायकोला आला. मी गडबडीने उलटायला गेलो तर वरचा भाग उठून आला, खालचा कढईशी एकरूप झाला होता. “असंच खरपूस पायजे,” सासरे घाईघाईने म्हणाले. चाचींनी वासाचं कौतुक केलं. आम्ही वरचं वाढून घेतलं आणि पोळी-ठेच्यासोबत खाल्लं. खरं सांगायचं तर चव बरी होती. सासूबाईंनी दुसऱ्यांदा घेतलं.

मग त्या उठल्या आणि कढई उजेडात धरून पाहिली. ती त्यांची रोजची, जाड बुडाची, लाडकी कढई होती. एकीकडे जावई, एकीकडे कढई, असा झगडा त्यांच्या चेहऱ्यावर थोडा वेळ चालला. कढई जिंकली.

“डोये कुठी होते तुमचे?” त्या कडाडल्या. “कढईले पाठ करून उभं राहते का कोनी? आता मी घासत बसू का हे? उठा, घ्या घासनी!”

सासऱ्यांचा घास हातातच राहिला. “अवं, जवाई हायेत ते,” ते कुजबुजले.

“मंग? जवाईले हात नाई का?”

मी उठलो. मागच्या मोरीवर उकिडवा बसून तारेच्या घासणीने दंड भरून येईपर्यंत घासलं. नखं काळी झाली. कढई नेऊन दाखवली तेव्हा सासूबाईंनी कडेवरून बोट फिरवलं आणि ते काळं बोट माझ्या नाकासमोर धरलं.

“हे कोनासाठी ठेवलं? पुन्हा घासा.”

लग्नात याच बाईने माझे पाय धुतले होते, तेव्हा मला नुसतं अवघडल्यासारखं झालं होतं. आता मात्र मी पाहुणा उरलो नव्हतो. मी कढई उचलली आणि पुन्हा मोरीवर जाऊन बसलो.