दक्षिणेची दोरी

माझ्या बायकोला आकाशाचा नाद लागला त्याला कारण मीच. ती हे चारचौघांत सांगतेच, तेव्हा आपणच आधी सांगून टाकलेलं बरं.

आमची लॉन्ड्री आहे. तळमजल्यावर दुकान आणि यंत्रं, वर दोन खोल्यांचं घर आणि त्यावर गच्ची. गिऱ्हाइकं आणि इस्त्री माझ्याकडे, धुलाई आणि डाग हिच्याकडे. डागांच्या बाबतीत हिचा हात धरणारं कोणी नाही. कापड उजेडाकडे धरते, वास घेते आणि डाग कशाचा, किती दिवसांचा ते सांगून मोकळी होते. एकदा एका वकिलांनी कॉलरवरचा डाग चहाचा म्हणून सांगितला. ही म्हणाली, "चहाचा नाही हो, केसांच्या कलपाचा आहे." दुकानात चार माणसं उभी होती. वकीलसाहेब तेव्हापासून कपडे ड्रायव्हरबरोबर पाठवतात.

तर आठ वर्षांपूर्वी एका पहाटे आम्ही दोघं गच्चीवर हॉटेलच्या चादरी वाळत घालत होतो. पूर्वेला एक ठळक, तेजस्वी काहीतरी चमकत होतं. हिने विचारलं, "अहो, तो कुठला हो?" आता बायकोने काही विचारलं की नवऱ्याला "माहीत नाही" म्हणायची सोय नसते. मी तोंडातला चिमटा काढला आणि ठणकावून सांगितलं, "शुक्र." हिने पुढची चादर दोरीवर टाकली. दुपारी मोबाइलवर शोधून माझ्या इस्त्रीच्या टेबलासमोर येऊन उभी राहिली. "गुरू होता," एवढंच म्हणाली आणि परत धुलाईला गेली. त्या दिवशी माझा आकाशातला अधिकार संपला आणि हिचा अभ्यास सुरू झाला.

आधी पुस्तकं आली, मग एक जुनी द्विनेत्री, म्हणजे बायनॉक्युलर, आणि तीन वर्षांनी दुर्बीण. दुर्बीण म्हटल्यावर माझ्या डोळ्यांपुढे लांबलचक नळी आणि एक डोळा मिटून वाकलेला माणूस. आली ती बुटकी, जाडजूड, पिठाच्या डब्याएवढी. डोळा लावायला जागाच नाही, तिथे कॅमेरा. खाली मोटर. टॅबलेटवर ताऱ्याचं नाव दाबलं की घुर्रघुर्र करत आपली आपण वळते, एक फोटो काढून आपण नेमकं कुठे बघतोय ते ताडून पाहते आणि चुकली असेल तर स्वतःला दुरुस्त करते.

"चूक झाली की स्वतःच दुरुस्त करते? कमाल आहे," मी म्हणालो.

"घरात एक तरी असं हवंच होतं," ही म्हणाली.

मला त्या यंत्राचा रागच यायचा. दुर्बीण एकटी गच्चीवर आणि ही खाली माझ्या शेजारी, खळीच्या बाटलीला टॅबलेट टेकवून बसलेली. मी एकदा म्हणालो, "डोळ्यांनी बघत नाहीस तर आकाश बघितलं असं म्हणावं कसं?" तर म्हणते, "तुम्ही तरी कपडे कुठे हाताने धुता?" मात्र एक गोष्ट मला ठाऊक आहे. यंत्राचं काम सुरळीत लागलं की ही दहा मिनिटं वर जाते, नुसती उभी राहते आणि खाली येते तेव्हा तिचा चेहरा निवांत आणि तरुण झालेला असतो. तो चेहरा मला फार आवडतो. हे मी तिला कधी सांगितलेलं नाही.

हिच्यासारख्या हौशी लोकांचं एक मंडळ आहे. पन्नासेक माणसं, एकमेकांना क्वचितच भेटलेली. त्यांचे म्होरके म्हणजे एक निवृत्त शिक्षक. मी त्यांना सेकंदमास्तर म्हणतो, कारण सव्वाआठला फोन करतो म्हणाले की सव्वाआठच्या ठोक्याला घंटी वाजते. ही मंडळी करतात काय, तर ताऱ्यांचं मिचकावणं मोजतात. एखादा लघुग्रह, म्हणजे शहराएवढा दगड, लांब अंतराळात फिरत असतो. तो इतका अंधुक की दिसतही नाही. पण फिरता फिरता कधीतरी तो एखाद्या ताऱ्याच्या बरोबर आड येतो आणि तारा काही क्षण विझतो. सावलीच्या पट्ट्यात जे असतील त्यांचाच तारा विझतो, बाहेरच्यांचा नाही. कोणाचा कुठे आणि किती वेळ विझला हे जोडत गेलं की त्या न दिसणाऱ्या दगडाचा आकार कळतो. त्यासाठी ही कॅमेऱ्याने सलग चित्रीकरण करते आणि एक चिमुकली डबी प्रत्येक चित्रावर अचूक वेळ उमटवते.

पाच वर्षांत हिने चौदा वेळा असा प्रयत्न केला. तीनदा ढग आले, अकरा वेळा तारा ढिम्म जागेवर. मास्तर म्हणायचे, "ताई, 'नाही' हेसुद्धा उत्तर आहे. दगड कुठे संपतो ते त्यातूनच कळतं." पटायचं तिला. पण दर वेळी अहवालात "नाही" लिहून टॅबलेट मिटताना हिचे ओठ कसे आवळले जायचे ते मी बघितलंय. जन्मात एकदा तरी आपल्या डोळ्यांदेखत तारा विझावा, एवढीच तिची इच्छा होती.

घरात या सगळ्याचा नियम एकच. गच्चीवर सात दोऱ्या आहेत. निरीक्षणाच्या संध्याकाळी दक्षिणेची दोरी मोकळी ठेवायची.

पंधराव्या वेळी सावलीचा पट्टा आमच्यापासून दोन तासांच्या रस्त्यावरून जाणार होता. ही दुर्बीण घेऊन तिकडे निघणार होती. बॅग भरून दाराशी ठेवली होती. नेमका त्याच दुपारी ड्रायरचा पट्टा तुटला. हॉटेलच्या सव्वाशे चादरी ओल्या आणि सकाळी त्यांची व्हॅन येणार. मी म्हणालो, "तू जा, मी बघतो." हिने माझ्याकडे बघितलं, चादरींच्या ढिगाकडे बघितलं आणि मुकाट्याने बॅग उघडून दुर्बीण परत गच्चीवर नेली. "इथून काही विझायचं नाही," म्हणाली, "पण आणखी एक 'नाही' पाठवून देते." मला इतकं वाईट वाटलं की मी त्या ड्रायरला लाथ घातली. अंगठा अजून दुखतो.

संध्याकाळभर आम्ही चादरी घालत, काढत, पुन्हा घालत होतो. साडेसातला ही खाली टॅबलेटपाशी गेली. माझ्या हातात तीन चादरी उरल्या आणि सहाही दोऱ्या गच्च भरलेल्या. मी दुर्बिणीकडे बघितलं. तिचं तोंड चांगलंच वर होतं, दोरी बरीच खाली. कुठे आड येतंय, असं म्हणून मी तिन्ही चादरी दक्षिणेच्या दोरीवर टाकल्या आणि ताकास तूर लागू न देता खाली येऊन इस्त्री धरली.

आठ वाजून बारा मिनिटं. पडद्यावर मधोमध तो तारा आणि भोवती पाच-सहा बारके तारे. मी उशीचा अभ्रा इस्त्री करत होतो.

"गेला!" ही किंचाळली. "आला! अहो, गेला आणि आला!"

जेमतेम अर्धा सेकंद. ही उठली, माझे दोन्ही हात धरले आणि त्रेपन्न वर्षांची माझी बायको इस्त्रीच्या खोलीत अक्षरशः नाचली. मीही नाचलो. अभ्रा जळल्याचा वास आला तेव्हा कुठे थांबलो. हिने त्या तपकिरी डागाकडे बघितलं आणि खुशाल हसली. "हा नाही निघायचा," म्हणाली. एवढ्यात वर गच्चीवर वाऱ्याने चादरी फडफडल्याचा आवाज आला आणि मला दक्षिणेची दोरी आठवली.

ही तोवर अहवाल भरायला बसली होती. मोठ्याने वाचत एकेक रकाना भरत होती. वेळ, ठिकाण, किती क्षण. शेवटचा रकाना आला. "अडथळे. ढग, झाड, विमान, इतर. काही नाही."

"थांब," मी म्हणालो.

"काय?"

"दक्षिणेच्या दोरीवर चादरी आहेत. तीन."

ती ओरडली असती तर परवडलं असतं. ती नुसती अभ्र्यांच्या गठ्ठ्यावर बसली आणि तिचे डोळे भरले. मला स्वतःचीच लाज वाटली. ती घालवायला मी आणखी मोठा गाढवपणा केला. "नको लिहूस चादरीचं. कोणाला कळणार आहे?"

"मला कळणार आहे ना," ती म्हणाली.

मग तिने डोळे पुसले आणि टॅबलेट उचलून दिव्याखाली आणला. डाग बघताना कापड धरते ना, अगदी तसाच. चित्रीकरण मागे नेलं आणि एकेक चित्र पुढे सरकवू लागली. मधला तारा होता, होता आणि नव्हता. तिने बोट भोवतीच्या बारक्या ताऱ्यांवर ठेवलं. एक, दोन, तीन, चार, पाच. सगळे जागच्या जागी.

"अहो, चादर काय एकच तारा निवडून झाकेल?" तिचा आवाज बदलला होता.

चित्रीकरण पुढे चालू ठेवलं. आठ चौदाला पडदा हळूहळू करडा झाला, सगळे तारे एकदम मावळले आणि मग एकदम परत आले. ही माझ्याकडे वळली. "ही बघा तुमची चादर. आणि तो माझा तारा." माझा जीव भांड्यात पडला.

अडथळ्यांच्या रकान्यात तिने लिहिलं, "दक्षिणेच्या दोरीवर तीन चादरी, नवऱ्याने घातलेल्या. आठ चौदाला एक आड आली." मी म्हणालो, "नवऱ्याने घातलेल्या हे कशाला?" तर म्हणाली, "अचूक लिहायचं असतं."

सकाळी आठच्या ठोक्याला मास्तरांचा फोन. "ताई, तुम्ही पट्ट्याच्या साठ किलोमीटर बाहेर आहात. तिथे तारा विझायचं कारण नाही."

"विझला, सर."

"आणि या चादरी..."

"त्या दोन मिनिटांनंतरच्या आहेत, सर. तुम्ही बघा."

"बघतो," म्हणाले आणि चार दिवस त्यांचा पत्ता नाही. मधल्या काळात मंडळाच्या ग्रुपवर कोणीतरी लिहिलं, "ही चादर कोणत्या ग्रहाभोवती फिरते?" खाली हसरे चेहरे. ही फोन पालथा ठेवून कामाला लागली. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. त्या माणसाचा पत्ता मिळाला असता तर मी त्याची पँट चुकीच्या बाजूने इस्त्री करून पाठवली असती.

चौथ्या दिवशी अकराच्या ठोक्याला घंटी वाजली. हिचे हात ओले, म्हणून मी फोन स्पीकरवर टाकला.

"ताई, तुमच्यापासून चार किलोमीटरवर आपले एक दंतवैद्य आहेत. त्यांनीही चित्रीकरण केलं होतं, पण आपण पट्ट्याबाहेर म्हणून उघडून बघितलंच नव्हतं. तुमचा अहवाल आल्यावर मी त्यांना बघायला लावलं." मास्तर थांबले. सेकंदासेकंदाचा हिशोब ठेवणारा हा माणूस किती वेळ थांबला असेल, मला युग वाटलं. "त्यांचाही विझला. अर्धा सेकंद. तुमच्याशी वेळ तंतोतंत जुळते."

हिने ओले हात पदराला पुसले. मीच विचारलं, "म्हणजे काय हो?"

"म्हणजे त्या दगडाला एक छोटा सोबती आहे. चंद्रच म्हणा. अजून पडताळावं लागेल, पण आजवर तो कोणाला माहीत नव्हता. पहिल्यांदा ताईंनी बघितला."

ही ओल्या चादरीत तोंड खुपसून रडत होती आणि हसत होती.

"आणि एक सांगतो," मास्तर म्हणाले. "ती चादर लिहिली नसतीत तर पट्ट्याबाहेरचा अहवाल म्हणून मी तो बाजूला सारला असता. स्वतःच्या घरातली चादर जी बाई लिहून कळवते, तिच्या ताऱ्यावर विश्वास ठेवावाच लागतो. चादर घालणाऱ्यांना माझा नमस्कार सांगा."

"इथेच आहेत," ही नाक ओढत म्हणाली. "पुन्हा काहीतरी जाळतायत."

मंडळाच्या अहवालात त्या संध्याकाळचा आलेख छापून आला. एक अरुंद, खोल खाच, तिच्याखाली "सोबती". पुढे एक रुंद, पसरट खड्डा, त्याखाली "चादर". तो कागद गल्ल्यामागे लावलाय. गिऱ्हाइकं विचारतात आणि ही सांगते, अगदी शुक्रापासून सगळं.

गेल्या आठवड्यात पहाटे आम्ही गच्चीवर होतो. पूर्वेला काहीतरी लखलखत होतं. आठ वर्षांत हिने मला आकाशातलं काही म्हणून विचारलं नव्हतं. चिमटे देता देता म्हणाली, "अहो, तो कुठला हो?"

"माहीत नाही," मी म्हणालो. "तू सांग."

तिने हातातली चादर खाली ठेवली आणि माझ्याकडे बघत राहिली. तोच चेहरा, दहा मिनिटं वर जाऊन आल्यावर असतो तो.

"शुक्र," ती म्हणाली. "या वेळी बोलला असतात तर बरोबर आलं असतं."

मग आम्ही ती चादर दोन्ही टोकांना धरून झटकली आणि दक्षिणेच्या दोरीवर घातली.