आठ दिवस खुंटीवर

सुरतजवळच्या सचिन गावातल्या एका रंगाऱ्याची बोटं थिनरनं मेली आहेत. म्हणून कपाट असो की स्कूटर, रंग वाळला का ते तो हळूच गाल टेकवून बघतो.

डुमसच्या किनाऱ्यावर माझा फुगे फोडायचा स्टॉल आहे. माझ्या छर्ऱ्याच्या रायफलीचा लाकडी दस्ता त्यानं हिरवा रंगवला आणि ती आपल्या दुकानातल्या खुंटीला टांगली.

"आठ दिवस हात लावू नको, भाऊ. वरून वाळलाय, आतून कच्चा आहे."

चौथ्या दिवशी रविवार आला. तो जेवायला गेला, तशी मी रायफल गुपचूप उचलून आणली. संध्याकाळी एका नव्या नवरीनं दस्त्याला गाल लावून नेम धरला. मान वर केली, तर गाल हिरवागार! मी हादरलोच.

तेवढ्यात मागून रंगारी आला. माझ्याकडे बघितलंही नाही. खिशातून खोबरेल काढून गाल पुसायला तिच्या हातात दिलं. म्हणजे सचिनहून निघतानाच तेल घेतलं होतं त्यानं! मग थिनरची चिंधी काढली आणि गिऱ्हाइकांदेखत दस्त्यावरचा आपलाच सगळा रंग पुसून टाकला.

"उद्यापासून पुन्हा आठ दिवस, भाऊ," म्हणाला, आणि रायफल घेऊन चालू पडला.