गुळगुळीत गोळा

कडावच्या त्या घरात मी कुत्र्यासाठी बिस्किटं भाजायला शिकले. आईला ते अजून पटत नाही. "कुत्र्याला भाकर टाकावं, भट्टी कशाला लावावं?" फोनवर ती हसते.

सातवीत शाळा सुटली. पुढं नांदेडकडून इतक्या लांब आले तेव्हा एका एकट्या म्हाताऱ्यानं मला घरकामाला ठेवलं, राहायला मागची खोली दिली. मी त्यांना काका म्हणायचे. त्यांचा कुत्रा थकलेला, डोळ्यांत मोतीबिंदू. विकतचं त्याला पचत नसे, म्हणून काका घरीच ओव्हन लावायचे. नाचणी, गव्हाचं पीठ, उकडलेला भोपळा, एक अंडं. मीठ नाही, साखर नाही. काकांनी "घे रं" म्हटल्याशिवाय कुत्रा बिस्किटाला तोंड लावायचा नाही.

आमच्याकडे मळलेला गोळा तसाच गुळगुळीत ठेवत नाहीत. वर चार बोटं दाबतात. नाहीतर तो पिंडासारखा दिसतो आणि गेलेलं माणूस आपला घास समजून येतं. सवयीनं माझी बोटं दाबली जायचीच.

"दाब, दाब," काका चिडवायचे. "तुजी भुतं एवढ्या लांब यायची नायत गं. गाडीभाडं कोण देनार त्यांना?" आणि तळव्यानं गोळा पुन्हा गुळगुळीत करायचे.

श्रावण सरता सरता काका गेले. दवाखान्यात नेताना मला एवढंच म्हणाले, "त्याला उपाशी ठेवू नको."

कुत्र्यानं खाणंच सोडलं. त्यांच्या खाटेखाली पडून राहायचा, थोडं पाणी प्यायचा. मी तशीच बिस्किटं भाजली, तेच माप. वास घेऊन तो तोंड फिरवायचा. पनवेलहून काकांची मुलगी आली, त्याच्याजवळ बसून रडली.

"याचे हाल बघवत नाहीत गं. रविवारपर्यंत खाल्लं नाही तर खालापूरच्या डॉक्टरांना बोलावते. एक इंजेक्शन, आणि सुटेल बिचारा. मग घरही बंद करू."

"बरं ताई," मी म्हणाले. कुत्रा गेला की माझी खोलीही जाणार होती. पण त्याहून जास्त काकांचा शब्द टोचत होता.

शनिवारी दुपारी पीठ मळलं. बोटं गोळ्यापर्यंत गेली आणि थांबली. मग काकांसारखा तळवा फिरवून गोळा गुळगुळीत केला, ओट्यावर उघडाच ठेवला आणि मागच्या पायरीवर जाऊन बसले. लख्ख ऊन होतं. समोर भात निसवायला आलेलं, त्याचं एक पातं हलत नव्हतं.

थोड्या वेळानं आतून आवाज आला. टप. टप. शेपटी फरशीवर आपटल्याचा, सावकाश. काका मळायला उभे राहिले की असाच यायचा.

तीन दिवस न उठलेला कुत्रा ओट्यापाशी बसला होता. मान वर, कान मागे दबलेले, कुणी डोक्यावर हात ठेवल्यावर दबतात तसे. कपाळावर नाचणीचं पीठ. ओट्याला घासलं असेल, असं मी स्वतःला सांगितलं. पण ओटा त्याच्या डोक्याच्या बराच वर आहे. गोळा होता तसाच होता.

वाटीनं बिस्किटं पाडली, भाजली, गार केली. एक त्याच्यापुढं ठेवलं. माझ्याकडं त्यानं पाहिलंही नाही. वर, ओट्याकडंच तोंड करून थांबला. मी "घे रं" म्हटलं नव्हतं. मग त्यानं मान खाली घातली आणि बिस्किट खाल्लं. दुसरंही.

ताईला फोन केला. "खाल्लं?" तिनं दोनदा विचारलं. "काय केलंस तरी काय?"

"काही नाही ताई. पीठ जरा वेळ मुरू दिलं."

डॉक्टर आले नाहीत. कुत्रा आहे, मीही आहे. अजून गोळा तसाच ठेवते आणि अर्धा तास पायरीवर जाऊन बसते. शेपटी वाजत असली तर आत जात नाही. येताना चप्पल मुद्दाम वाजवते.

आई फोनवर विचारते, "गोळ्यावर बोटं दाबतीस ना गं? परक्याचं घर हाय."

"दाबते की," मी म्हणते.