ओक-रेचं म्हातारपण

क्वाक माल-सुनला काळखात्यात नोकरी लागली तेव्हा ती एकेचाळीस वर्षांची होती. त्याआधी बोल्ग्यो गावच्या पाणीपुरवठा कचेरीत ती लोकांच्या तक्रारी लिहून घ्यायची. मुलाखतीत तिला एकच प्रश्न विचारला गेला, "मागे जायला मिळालं तर कोणासाठी जाल?"

"कोणासाठीच नाही," ती म्हणाली. "माझी माणसं जिवंत आहेत, आणि डोकं खायला तेवढी पुरतात."

तिची निवड झाली. तळहातात मावेल असं एक काळं, चपटं यंत्र तिला मिळालं. त्याचं सरकारी नाव लांबलचक होतं. गावात सगळे त्याला गारगोटी म्हणत. कोणी चोरून मागच्या काळात गेलं की तिचा काटा थरथरायचा, आणि कुठल्या दिवसाला भोक पडलंय ते दाखवायचा. हरवलेली अंगठी, फाडलेलं पत्र असलं बारीकसारीक गारगोटी स्वतःच सांधायची. कोणाच्या जगण्यामरण्याशी गाठ असली, की मात्र तिथे माणसालाच जावं लागे. आणि बदल होण्याआधीचं जग फक्त गारगोटी बाळगणाऱ्याच्या ध्यानात राही. बाकीच्यांना नवं तेच खरं.

पंधरा वर्षं माल-सुननं हे काम गाजावाजा न करता केलं. हातापाया पडणारे, शिव्या देणारे, गप्प बसून रडणारे, सगळ्यांना तिनं परत आणलं. घरी येऊन ती भात लावायची आणि कोणाशी त्याबद्दल बोलायची नाही.

त्या हिवाळ्यात एका सकाळी काटा जोरात हलला. माल-सुन तशीच बाजारातून निघाली आणि काप-न्योच्या दुकानापाशी थबकली. दर आठवड्याला ती तिथून मुळ्याचं लोणचं घ्यायची, वजनावरून भांडायची. आज तिथे चपलांचं दुकान होतं.

"काप-न्यो कुठं गेली?" तिनं विचारलं.

"कोण काप-न्यो?" चपलावाला म्हणाला. "वीस वर्षं मीच बसतोय इथं."

काप-न्यो नव्हती, तिची तीन मुलं नव्हती, गेल्याच महिन्यात जन्मलेली नातही नव्हती. माल-सुननं गारगोटी काढून पाहिली. काटा बावन्न वर्षांपूर्वीच्या एका दुपारवर स्थिरावला होता, आणि खाली, मागे गेलेल्या माणसाचं नाव होतं मा पान-सू.

पान-सूला सारा गाव ओळखायचा. त्याची बायको ओक-रे ऐन पंचविशीत गेली होती. खाडीच्या चिखलात शिंपल्या वेचायला गेलेली शेजारची नऊ वर्षांची काप-न्यो रुतली, वर भरती येत होती. ओक-रेनं आपली चिखलावर ढकलायची फळी घेऊन धाव घेतली, पोरीला फळीवर घालून लोटलं आणि स्वतः तिथेच राहिली.

माल-सुन पान-सूच्या घरी गेली. अंगणात एक म्हातारी मुळे कापून वाळत घालत होती. गुडघे धरत ती उठली.

"आमचे हे सकाळपासून कुठं गेलेत कोण जाणे. दात नाहीत त्यांना, म्हणून मुळे बारीक कापतेय," ती म्हणाली. "काय काम होतं, बाई?"

म्हाताऱ्या माणसाशी खोटं बोलायची माल-सुनला सवय नव्हती. तिनं विचारलं, "आजी, शेजारची पोर बुडाली, तो दिवस आठवतो?"

ओक-रेच्या हातातली सुरी थांबली. "कसा विसरेन? दारात एक म्हातारा पाहुणा आला होता. ह्यांचा लांबचा काका आहे म्हणाला. मी त्याला वाढत बसले. भात संपवेचना त्याला. मागून, आणखी मागून खात होता. तेवढ्यात आरडाओरडा झाला. मी पोचले तोवर पाणी भरलं होतं." मग ती म्हणाली, "तिच्या आईसमोर मी पुन्हा कधी मान वर केली नाही."

माल-सुननं सगळं सांगितलं. पाहुणा कोण होता ते, आणि त्यानं का खोळंबा केला ते.

"तरीच," म्हातारी हळूच हसली. "कान अगदी ह्यांच्यासारखे होते. वेडा कुठला." मग झग्याला हात पुसत म्हणाली, "बाई, तुझ्या यंत्रानं ते दुरुस्त होईल?"

"होईल. पण आजी, मग तुम्ही..."

"मी सत्याहत्तर वर्षं जगले. त्या पोरीची नऊच झाली. जा, भरतीच्या आधी पोच."

बावन्न वर्षांपूर्वीच्या त्या दुपारी पोचून माल-सुननं म्हाताऱ्या पान-सूला त्याच्या घराच्या गल्लीच्या तोंडाशीच गाठलं. तो पळाला नाही. पळायचं वयही नव्हतं. ती त्याला घरासमोरच्या बांधावर घेऊन बसली आणि त्याचा हात घट्ट धरून ठेवला.

"साहेबीणबाई," तो म्हणाला, "तुम्हाला दगडाचं काळीज दिलंय का सरकारनं?"

खाडीकडून ओरडा आला. घराचं दार उघडलं, आणि पंचवीस वर्षांची ओक-रे खांद्यावर फळी घेऊन त्यांच्यासमोरून धावत गेली. "काका, बाजूला व्हा," एवढंच म्हणाली. पान-सूनं पाय आखडून घेतले आणि ती दिसेनाशी होईपर्यंत तो पाहत राहिला. गारगोटीचा काटा थांबला.

ती परतली तेव्हा काप-न्यो दुकानात होती. काप-न्यो सांगेल त्या वजनाचं लोणचं माल-सुननं घेतलं. "आज भांडण नाही? ताप आलाय का?" काप-न्योनं विचारलं.

पान-सूला वय बघून सोडून दिलं. त्याच्या ध्यानात बांधावरची ती दुपार तेवढी राहिली. पुसलेल्या काळाबद्दल कोणाशी बोलायचं नाही, हा खात्याचा सर्वात कडक नियम. माल-सुननं तो तोवर कधी मोडला नव्हता. पण वसंतात ती एके दिवशी त्याच्या ओसरीवर जाऊन बसली.

"आजोबा, तुमची बायको सत्याहत्तर वर्षांची झालेली मी पाहिली," ती म्हणाली.

म्हाताऱ्यानं विचारलं, "कशी दिसायची?"

"केस सगळे पांढरे. उठताना गुडघे धरायची. मुळे बारीक कापायची, तुमच्यासाठी. दात नव्हते ना तुम्हाला."

"आणि बोलली काय?"

"तुम्हाला वेडा म्हणाली."

पान-सूनं मान हलवली, आणि तो म्हणाला, "अजून सांगा." माल-सुन आपल्याजवळ होतं ते सगळं सांगत राहिली. दुसऱ्या दिवशी कचेरीत जाऊन तिनं गारगोटी टेबलावर ठेवली आणि आपण नियम मोडल्याचं स्वतःच लिहून दिलं.