एका गोष्टीला एकच नाव

प्रभा गेल्याचा फोन आला तेव्हा मी तिच्यावर चिडून बसले होते. सोमवारची सकाळ होती. रामदासपेठेतल्या आमच्या दोन खोल्यांच्या ऑफिसात मी एकटीच, आणि समोर माझ्या प्रोग्रामचा कागद. त्यावर तिनं शनिवारी जाताना लाल पेन्सिलीनं मोठा गोल काढून ठेवलेला. गोलाच्या आत मी एका रकान्याला दिलेलं नाव होतं, 'तारीख-दोन', आणि बाजूला तिच्या टपोऱ्या अक्षरात प्रश्न: कशाची तारीख? एवढ्यासाठी अख्खा प्रोग्राम परत! ती आली की काय काय सुनवायचं याची मी मनात उजळणी करत होते. फोन वाजला तेव्हा वाटलं, तीच असेल, उशीर होतोय म्हणून सांगत असेल. तर तिचा धाकटा भाऊ सुधाकर बोलत होता. "नलूताई, ताई गेली..." पहाटे मेंदूत रक्तस्राव झाला, दवाखान्यात पोचेपर्यंत सगळं आटोपलं होतं. मी "कोण ताई?" असं विचारल्याचं मला आठवतं. आता महिना उलटून गेला, तरी माझा राग पुरता गेलेला नाही, हे आधीच सांगून टाकते. गेलेल्या माणसाबद्दल गोडगोड लिहायची पद्धत आहे. मला ते जमणार नाही, आणि प्रभाला ते चाललंही नसतं.

आमची ओळख सत्तरच्या आसपासची. नागपूरच्या एका मोठ्या कचेरीत कार्डांना भोकं पाडून माहिती मशीनला भरवायचे ते दिवस. प्रभा गजभिये संख्याशास्त्रात एम.एस्सी., मी गणितात बी.एस्सी.; वयानं आणि हुद्द्यानंही ती थोडी वर. नागपुरातल्याच इंदोरा वस्तीतलं घर, वडील गिरणीत, आणि घराण्यात कॉलेजात गेलेली ती पहिलीच. डब्याच्या सुटीत बाकीच्या बायका एका टेबलाशी जमायच्या आणि ती खिडकीशी एकटी बसायची. हे असं का, ते कोणी बोलून दाखवत नव्हतं, पण सगळ्यांना ठाऊक होतं. मी तिच्यासमोर जाऊन डबा उघडला तो खरं म्हणजे माझा प्रोग्राम अडला होता म्हणून. तिनं कागद हातात घेतला, पोळीचा घास तोंडात तसाच, आणि पहिला प्रश्न काय, तर "काहून वं, हा एक्स-वन कोण होय? तुह्या मावशीचा पोरगा?" मी म्हटलं, "अहो, ते तात्पुरतं नाव आहे." ती म्हणाली, "तात्पुरतं काही नसते. पाच वर्षं हाच एक्स-वन राहीन, अन् तू विसरून जाशीन." चूक तिनं शोधून दिली, पण त्याआधी सगळी नावं माझ्याकडून बदलून घेतली. मी मनातल्या मनात तिला काय काय म्हटलं ते इथं लिहिण्यासारखं नाही. पण दुसऱ्या दिवशी डबा घेऊन पुन्हा खिडकीशीच गेले. 'अहो'चं 'अगं' कधी झालं ते कळलंही नाही.

पुढे ऐंशीनंतर छोटे कॉम्प्युटर मिळायला लागले, आणि तिच्या भरवशावर मी ती कायमची नोकरी सोडली. घरच्यांनी मला वेड्यात काढलं. आम्ही दोघींनी मिळून धंदा सुरू केला: एक मशीन, एक कूलर आणि प्रभाचे नियम. कुठलंही नवं काम आलं, मग ते हिंगण्याच्या कारखान्याच्या पाळ्यांचं असो की काटोलच्या संत्रा व्यापाऱ्याच्या पेट्यांचं, बांधायचं एकाच क्रमानं. आधी माहिती जिथं साठते ती फाईल. मग ती माहिती तपासणारा प्रोग्राम. आणि सगळ्यात शेवटी स्क्रीन, जी गिऱ्हाईक बघतो. एका गोष्टीला खालपासून वरपर्यंत एकच नाव. आणि एकीनं लिहिलेलं दुसरीनं वाचल्याशिवाय मशीनवर चढवायचं नाही. ऐकायला किती सोपं! पण गिऱ्हाईक दारात उभं असतं, म्हणतं, "मॅडम, फक्त एक रकाना वाढवा ना." मी म्हणायची, स्क्रीनवर दोन ओळी टाकते, होऊन जाईल. प्रभा म्हणायची, "खालून सुरू कर." दोन ओळींच्या कामाला दोन दिवस. व्यापारी माझ्याकडे बघायचा, मी छताकडे बघायची.

आमचं सगळ्यात मोठं भांडण झालं ते इथल्याच एका खाजगी हॉस्पिटलच्या कामावरून. त्यांच्या रक्तपेढीला रक्तदात्यांची माहिती कॉम्प्युटरवर हवी होती. रक्तगट दाबला की त्या गटाचे दाते, पत्त्यांसकट, समोर यावेत. हे जमलं तर पुढे औषधांचं, वॉर्डांचं, सगळंच काम आम्हाला मिळणार होतं. उद्घाटनाचा दिवस ठरला, पाहुणे ठरले, पत्रिका छापून झाल्या. आणि आदल्या आठवड्यात लक्षात आलं की जुन्या रजिस्टरांत कित्येक दात्यांचा गट नुसता 'ए' किंवा 'ओ' असा लिहिलाय; पुढे पॉझिटिव्ह की निगेटिव्ह, काही नाही. मोठे डॉक्टर सहज म्हणाले, "अहो, बहुतेक लोक पॉझिटिव्हच असतात. मोकळं दिसेल तिथं पॉझिटिव्ह धरा."

प्रभा म्हणाली, "नाही धरता येणार."

तिचं म्हणणं, 'माहीत नाही' हाही एक गट समजायचा. फाईलमध्ये त्याला स्वतःची खूण हवी, प्रोग्रामनं ती ओळखायला हवी, आणि स्क्रीनवर ते दोन शब्द स्पष्ट उमटायला हवेत. त्यासाठी तळापासून सगळं पुन्हा बांधावं लागणार होतं, आणि उद्घाटन तर तोंडावर आलेलं. जिन्यात मी तिचा हात धरला. "प्रभा, रक्त देण्याआधी ते लोक तपासून घेतातच ना! नुसत्या यादीनं कोण मरणार आहे? सध्या डॉक्टर म्हणतात तसं करू, नंतर दुरुस्त करू."

"नंतर कोणी नाही करत वं, नलू. मशीननं एकदा पॉझिटिव्ह म्हटलं का लोकं मशीनचंच खरं मानतात."

"आणि काम गेलं तर? मी नोकरी सोडून बसलेय!"

"मले मालूम हाय," ती म्हणाली, आणि जिना उतरून गेली. मालूम होतं, आणि तरीही!

उद्घाटन झालं. हार घातलेल्या मशीनवर दात्यांची नावं आणि पत्ते तेवढे दिसले. रक्तगट दाबून शोधायचं जे मुख्य काम, ते तयारच नव्हतं. पाहुण्यांनी टाळ्या वाजवल्या, मोठ्या डॉक्टरांनी आमच्याकडे बघितलंसुद्धा नाही. प्रभानं पुढच्या पंधरवड्यात सगळं तिच्या पद्धतीनं पुरं करून दिलं, पण औषधांचं आणि वॉर्डांचं काम दुसरीकडे गेलं. आता इथं एखादी हकीकत सांगता आली असती तर किती बरं झालं असतं, की पुढे तिच्या हट्टामुळे कोणा बाळंतिणीचा जीव वाचला वगैरे. तसं काही घडलं नाही. निदान आमच्या कानावर तरी आलं नाही. रक्तपेढीतले तंत्रज्ञ वानखेडे एवढंच म्हणाले, "मॅडम, तुमच्या मशीनले जे समजत नाही ते ती कबूल तरी करते. आमच्या इथं बाकी कोणीच करत नाही." प्रभा यावर पोट धरधरून हसली. मला हसू आलं नाही. पुढचं वर्षभर आम्ही काटोल-हिंगण्याच्या किरकोळ कामांवर ऑफिस कसंबसं चालवलं.

आणि याच वानखेड्यांनी एकदा गंमत म्हणून तिच्या दंडाला पट्टा गुंडाळून रक्तदाब बघितला होता. त्यांचा चेहराच उतरला. म्हणाले, "मॅडम, हे बरोबर नाही, आजच डॉक्टरले दाखवा." ती म्हणाली, "हो, बघू." डोकं दुखायचं तेव्हा कपाळाला बाम चोळायची, खिडकीचा पडदा ओढून घ्यायची आणि माझे कागद वाचत बसायची. मी किती वेळा सांगितलं! एकदा तर रिक्षा बोलावली, तिला दाराशी उभं केलं. ती रिक्षावाल्याला म्हणाली, "भाऊ, तुम्ही जा, या बाईले घाई करायची सवय हाय." दुसऱ्याच्या कामात एक रकाना मोकळा सोडू न देणारी ही बाई स्वतःच्या बाबतीत मात्र सगळं नंतरवर टाकत गेली. याचं काय करायचं? कुणावर ओरडायचं?

तिच्या घरचा पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम झाला, त्यानंतर थोड्याच दिवसांनी रक्तपेढीतून फोन आला. मागच्या रक्तदानाला तीन महिने झालेल्या दात्यांची वेगळी यादी हवी होती. तो भाग प्रभानं बांधलेला, मी वर्षानुवर्षं उघडलाही नव्हता. घाबरतच कपाटातून कागद काढले. आणि कुठंच अडले नाही. जे जिथं असायला हवं तिथंच होतं. फाईलपासून सुरुवात केली, प्रोग्राम बदलला, स्क्रीन बदलली. संध्याकाळच्या चहाच्या आत काम संपलं. वाचायला मात्र कोणी नव्हतं. मग मीच मोठ्यानं वाचलं, रिकाम्या खोलीत.

काम झाल्यावर एक वेडेपणा केला. तिच्या हातचं काहीतरी बघावंसं वाटलं. लाल पेन्सिलीचे गोल नकोत. तिनं स्वतः लिहिलेली, तिची म्हणून ओळखू येईल अशी एखादी ओळ हवी होती. प्रोग्रामच्या माथ्यावर लिहिणारीचं नाव घालायची सोय असते, पण प्रभानं तिथं कायम ऑफिसचंच नाव घालायला लावलं होतं. मी मशीनवर छापलेल्या जुन्या प्रोग्रामांचे दोन गठ्ठे काढून टेबलावर शेजारी शेजारी ठेवले. दोन्ही एकाच वर्षीचे; एक तिनं लिहिलेला होता, एक मी, एवढं पक्कं आठवत होतं. पानं उलटत गेले. तीच नावं, तोच क्रम, तशाच ओळी. शेवटच्या पानापर्यंत गेले, पुन्हा पहिल्यापासून आले... तिचा कोणता आणि माझा कोणता, ते मला सांगता येईना.

दोन्ही गठ्ठे मी पुन्हा कपाटात ठेवले. त्यांतला एक तिचा आहे.