आमोसच्या वेण्या

त्या उन्हाळ्यात आमोस रेडविलो चाळीसेक वेळा मेला. धावत्या घोड्यावरून त्याच्यासारखं पडणं आम्हा लाकोटा जमातीच्या इंडियनांपैकी कुणालाच जमत नसे. कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यावर मूकपटवाल्यांनी आमचे तंबू ठोकले होते. मी पिसांचे मुकुट शिवायची, आणि सरकारी शाळेत इंग्रजी शिकलेली म्हणून दुभाषीपणही माझ्याच गळ्यात. मेलेला आमोस शिट्टी झाली की उठायचा, वेण्या झटकायचा आणि कॉफी मागायचा.

ऑगस्टात आमच्या राखीव वस्तीवरून पत्र आलं, त्याची आई गेल्याचं. मीच वाचून दाखवलं. आमच्यात आई गेली की मुलगा केस कापतो, त्यात चालढकल नाही. पण चित्रपट अर्धा व्हायचा होता आणि झालेल्या अर्ध्यात आमोसच्या वेण्या होत्या. दिग्दर्शक म्हणाला, दोन दिवस थांब. काम अडलं तर सगळ्यांनाच परत धाडतील, म्हणून तंबूतंबूतून त्याला गळ घातली गेली. सगळ्यात जास्त मी घातली. त्याची मला अजून लाज वाटते.

दोन दिवसांचे नऊ झाले. समुद्रावरचं धुकं हटेना आणि उन्हाशिवाय यांचा कॅमेरा चालेना. आमोसचं अन्नपाणी तुटलं. आमच्यातला म्हातारा इझिकिएल त्याला सगळ्यांदेखत म्हणाला, "आईपेक्षा घोडा मोठा झाला का रे?"

दहाव्या दिवशी ऊन पडलं. आमोस शेवटचा पडला, शिट्टी झाली, तो उठला नाही. तिथेच बसून त्याने कमरेच्या सुरीने दोन्ही वेण्या कापल्या आणि आईला हाका मारत रडला. मी डोळे मिटून घेतले. कॅमेऱ्याचा दांडा मात्र फिरतच होता, खरखर ऐकू येत होती.

हिवाळ्यात शहरात तो चित्रपट लागला. आमोस माझ्याशेजारी बसला होता. पडद्यावर त्याने वेण्या कापल्या, तोंड उघडून रडला, आणि पाठोपाठ अक्षरं आली: 'गोऱ्यांचं रक्त सांडीन! रानट्याची शपथ.' सगळं थिएटर ओरडायला लागलं.

"ताई, काय लिहिलंय?" आमोसने विचारलं.

"याची आई गेली, असं लिहिलंय."

"मग हे ओरडतायत का?"

"वाईट वाटलं त्यांना."

त्याने डोळे पुसले. "भली माणसं आहेत," तो म्हणाला, आणि दुसऱ्या दिवशी मला घेऊन पुन्हा त्याच खेळाला गेला.